डॉक्टरचं सोंग

आमच्या मंडळींत सहलीची एक रीत होती. गाडी बडोद्यातल्या तरसालीहून शेवटचा माणूस घेऊन शहराबाहेर पडली की एकाने सोंग घ्यायचं. कोण घेणार ते पाळीने ठरायचं आणि काय घ्यायचं ते बाकीचे ठरवायचे. परत बडोदे लागेपर्यंत ते वठवायचं. मध्ये हसू फुटलं किंवा पकडला गेला, तर सगळ्यांना सेव-उसळ त्याच्याकडून.

ही रीत का पडली ते सांगतो. आम्ही आठजण एकेकाळी मराठी नाटकं करायचो. आमचे आजे-पणजे बडोदे संस्थानच्या फौजेत होते. आमच्यापैकी कुणी बँकेत, कुणी रिफायनरीत, मी नंदेसरीला एका केमिकल कारखान्याच्या स्टोअरमध्ये. हळूहळू प्रेक्षक आटले. पोरं घराबाहेर पडली की गुजरातीत बोलतात, मराठी नाटकाला कशाला येतील? शेवटच्या प्रयोगाला आमच्याच बायका होत्या, आणि त्यातल्या दोघी मध्यंतरात उठून गेल्या. रंगभूमीने आम्हांला सोडलं, मग आम्ही रस्त्यावरच खेळ सुरू केले.

आणि काय खेळ रंगायचे! आमचा बँकवाला एकदा सापुताऱ्याच्या हॉटेलात अन्न तपासनीस झाला. नुसती भुवई उंचावून त्याने आठ जणांना बासुंदी खाऊ घातली. मी एका सहलीत मौनी महाराज होतो. एका बाईंनी मुलीच्या लग्नाचं विचारलं, मी दोन बोटं वर केली. बाई आनंदाने रडल्या. त्या दोन बोटांचा अर्थ मला आजतागायत माहीत नाही. ही गोष्ट मी किमान शंभर बैठकांत सांगितली असेल आणि दर वेळी लोक पोट धरून हसले. आता सांगत नाही.

दोन वर्षांपूर्वी डिसेंबरात आम्ही सातपुड्यात गेलो. फतेगंजातल्या एका सहलवाल्याने दोन दिवसांचा बेत आखून दिला होता. पहिल्या दिवशी डोंगरातले तीन पाडे पाहायचे, मुक्काम तिसऱ्या पाड्यावर, दुसऱ्या दिवशी सकाळी शिखर. वाटाड्या त्याच पाड्यावरचा होता, पस्तिशीचा, सडपातळ. बडोद्याला इमारतींच्या कामावर काही वर्षं काढलेली, त्यामुळे गुजराती फर्डी. त्या खेपेला पाळी माझी होती आणि रिफायनरीवाला मित्र आमचा कायमचा पंच. राजपिपळा मागे पडलं तसं त्याने जाहीर केलं की मी डॉक्टर.

मला गुदगुल्या झाल्या. डॉक्टर मी रंगमंचावर दोनदा केला होता. चष्मा नाकावर खाली ओढला, आवाज अर्ध्यावर आणला. वाटाड्या गाडीत चढला तेव्हा मी त्याच्या डोळ्यांकडे पाहून झोप नीट होते का विचारलं. तो चपापला. होत नव्हती. घरात बायकोचं पोट कालपासून दुखत होतं, तो म्हणाला. मी गंभीरपणे मान हलवली. मागच्या बाकावर कुणीतरी रुमाल तोंडात कोंबत होतं.

पहिल्या दोन पाड्यांवर मजा झाली हे मला लिहायलाच हवं, कारण ती झाली. कुडाच्या भिंती, शेणाने सारवलेली अंगणं, छपरावर सुकत घातलेल्या मिरच्या. बायका ज्वारी कांडत होत्या. आम्ही फोटो काढत होतो. डॉक्टर आलाय ही बातमी आमच्यापुढे चालत होती. एकाचा मुरगळलेला घोटा मी दाबून पाहिला, गरम पाण्याचा शेक सांगितला. एका आजींना मीठ कमी खा म्हणालो. सगळं असं की ज्याने कुणाचं वाईट होणार नाही. मी सावध होतो, असं मला वाटत होतं. लोक ज्या नजरेने बघत होते तसं माझ्याकडे तीस वर्षांत स्टोअरच्या खिडकीतून कुणी बघितलं नव्हतं.

तिसऱ्या पाड्यावर ऊन उतरायला लागलं होतं. वाटाड्याने आम्हांला चहा दिला आणि मला एकट्याला घरात बोलावलं. रिफायनरीवाला माझ्यामागे उंबऱ्यापर्यंत आला आणि मराठीत, हळू आवाजात म्हणाला, "हे राहू दे. घोटे ठीक आहेत, पोटाला हात लावू नकोस."

मी त्याला म्हणालो की पंच सोंग मोडायला सांगतोय म्हणजे सेव-उसळ त्याच्याकडून. तो हसला नाही. मी आत गेलो.

ती खाटेवर कुशीवर पडली होती. गुडघे पोटाशी. पंचविशीची असेल, कपाळावर घाम. सासू पायाशी बसलेली. मी विचारलं कुठे दुखतं. तिने उजवीकडे, खाली हात ठेवला. आता मला कळतं की त्या एका हाताने तिने सगळं सांगितलं होतं. कुठल्याही खऱ्या डॉक्टरला तेवढं पुरलं असतं. मी नाटकातल्या डॉक्टरसारखी दोन बोटं ठेवून त्यावर दुसऱ्या हाताची बोटं टकटक वाजवली. ती कळवळली. मी म्हणालो, वायू आहे.

माझ्या पिशवीत ॲसिडिटीच्या गोळ्या असतात आणि गुडघ्यासाठी दुखण्याच्या. दोन्ही दिल्या. वाटाड्याने सांगितलं की सकाळी सातला खालच्या फाट्यावर जीप येते, दिवसातून एकदाच जाते, तिच्यातून तिला आपल्या धाकट्या भावासोबत तालुक्याच्या दवाखान्यात पाठवायचं ठरलं होतं. मी म्हणालो, सकाळी बघू.

सकाळी पोट दुखायचं थांबलं होतं.

घरात केवढा आनंद. ती उठून बसली होती, चेहरा फिकट, पण हसली. सासूने माझे पाय धरले. फाट्यावरून जीपचा हॉर्न ऐकू आला. भाऊ चादर घडी करून खांद्यावर टाकून तयार उभा होता. वाटाड्याने मला विचारलं, "दाक्तरसाहेब, तरी पाठवू का?"

रिफायनरीवाला अंगणात चूळ भरत होता. त्याने माझ्याकडे पाहिलं. मी हे पुष्कळदा आठवून बघितलं आहे. पाठव, एवढंच म्हणायचं होतं. त्यासाठी सोंगही मोडायला लागलं नसतं. कुठलाही डॉक्टर पाठव म्हणाला असता. पण मी बरं केलं होतं. मी, माझ्या दोन गोळ्यांनी. आणि आता पाठव म्हणालो तर ते कमी झालं असतं.

मी म्हणालो, "कशाला खडखडाटात नेतोस? आराम करू दे."

भावाने चादर परत खुंटीवर टाकली. जीप गेली.

शिखराची चढण तीन तासांची. वाटाड्या पुढे, आनंदात. कुठला पक्षी, कुठलं झाड, कुठे कुणाचा कडेलोट झाला, सगळं सांगत होता. माझी पिशवी त्याने स्वतः घेतली. वर वारा इतका की बोलणं उडून जात होतं. माथ्यावर शेंदूर फासलेले दगड होते, त्यांच्याभोवती मातीचे घोडे, काही नवे, बरेचसे तुटलेले. नवस फिटला की माणसं घोडा आणून ठेवतात, तो म्हणाला. त्याने येताना नारळ आणला होता. तो त्याने माझ्या हातात दिला. बायको बरी झाली, तुमच्या हाताने फोडा.

मी फोडला. खाली गुजरात, महाराष्ट्र, दोन्हीकडे निळे डोंगर. आमच्यातल्या एकाने टाळ्या वाजवल्या. रिफायनरीवाला एकटाच खोबरं न घेता एका दगडावर बसून राहिला.

परत पाड्यावर पोचायला एक वाजला. अंगणात बायका गोळा झाल्या होत्या. आत ती उताणी पडली होती. हातपाय थंड, श्वास वरवरचा. पोट फळीसारखं ताठ झालं होतं. या खेपेला मी हात लावला नाही, चोळीखाली ते नुसतं दिसत होतं. सासू बाजूला सरकली आणि मला जागा करून दिली. सगळे माझ्याकडे बघत होते.

मी म्हणालो, न्या. ताबडतोब.

त्यांनी बांबूला गोधडी बांधून झोळी केली. चारजण खांद्यावर घेऊन निघाले. आमची गाडी फाट्यावर उभी होती, रस्ता तिथपर्यंतच. माझी मंडळी मागे राहिली, त्यांना दुसऱ्या वाहनाने बडोद्याला जायचं ठरलं. मलाही जाता आलं असतं. पण सासूने माझा हात धरून झोळीशी लावला. दाक्तर सोबत आहे म्हणून तिला धीर होता. वाटेत एका उतारावर मी खांदा दिला. तिला वजनच नव्हतं. उताराला झोळी हलली की आतून एक लहानसा आवाज यायचा आणि वाटाड्या तिच्याशी त्यांच्या बोलीत बोलायचा, सारखा, न थांबता.

दवाखान्यात दिवे लागायच्या सुमाराला पोचलो. ड्यूटीवर एक तरुण डॉक्टरीणबाई होत्या, माझ्या मुलीच्या वयाच्या. त्यांनी पोटाला हात लावला आणि लगेच काढला. लगबग सुरू झाली. मग त्या बाहेर आल्या. भाऊ औषधं आणायला धावला होता. बाकावर वाटाड्या आणि मी. त्यांनी गुजरातीत विचारलं, दुखणं कधीपासून, काय काय दिलं.

वाटाड्या म्हणाला, यांनाच विचारा, हे मोठे डॉक्टर आहेत बडोद्याचे.

बाईंनी माझ्याकडे वळून इंग्रजीत काहीतरी विचारलं, एका डॉक्टरने दुसऱ्याला विचारावं तसं. त्यातले दोन शब्दसुद्धा मला कळले नाहीत. रंगमंचावर संवाद विसरला तर विंगेतून कुणीतरी सांगतं. मी खरोखर बाजूला बघितलं. तिथे वाटाड्या होता.

"मी डॉक्टर नाही," मी म्हणालो. "नंदेसरीला कारखान्यात स्टोअरला आहे. दुखण्याची गोळी मीच दिली. पाठवू नका, हेही मीच सांगितलं."

बाईंनी ओरडायला हवं होतं. त्यांनी गोळीचं नाव आणि वेळ लिहून घेतली. अपेंडिक्स बहुतेक रात्रीच फुटलं असावं, फुटलं की थोडा वेळ बरं वाटतं, असं त्यांनी वाटाड्याला समजावून सांगितलं. सकाळी आणलं असतं तर, एवढं बोलून त्या थांबल्या आणि आत गेल्या.

वाटाड्या माझ्या हातांकडे बघत होता. मग त्याने अगदी शांतपणे विचारलं, "मग हात का लावला?"

  

तिला मोठ्या दवाखान्यात हलवलं. तिथे तिसऱ्या दिवशी ती गेली. मला हे सहलवाल्याच्या फोनवरून कळलं. मी घरी बायकोला सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि उठून स्वयंपाकघरात गेली.  मंडळी पुन्हा एकत्र जमली नाहीत. रिफायनरीवाला रस्त्यात भेटला तर केम छो म्हणतो, आणि पुढे जातो.

दीड महिन्याने मी एकटा पाड्यावर गेलो. काय बोलायचं ते एसटीत बसून पाठ केलं होतं, ते फाट्यावरच विसरलो. वर पोचलो तर मला बघून बायका उठून उभ्या राहिल्या. दाक्तर आला. कुणीतरी खाट टाकली, पाणी दिलं. मला कळेना. मग लक्षात आलं, वाटाड्याने इथे कुणालाच काही सांगितलं नव्हतं. त्यांच्या हिशेबी मी तोच होतो, जो झोळीसोबत उतरला होता, ज्याने शेवटपर्यंत प्रयत्न केले होते.

एका म्हाताऱ्याला धरून आणलं. खोकून खोकून छातीचा भाता झालेला. त्याला माझ्यासमोर बसवलं आणि त्याने नाडी दाखवायला मनगट पुढे केलं.

मी गुजरातीत सांगितलं की मी डॉक्टर नाही. त्या दिवशी खोटं बोललो होतो. एक बाई हसली आणि दुसरीला काहीतरी म्हणाली. तिसरीने मला गुजरातीत समजावलं की शहरचे डॉक्टर सुट्टीवर असले की असंच म्हणतात, आमच्यासाठी एकदा बघा. मी पुन्हा सांगितलं. मोठ्याने सांगितलं. माझा आवाज सवयीने लागला, भरदार, शेवटच्या रांगेपर्यंत जाणारा, आणि मलाच तो खोटा वाटला. म्हातारा मनगट तसंच पुढे धरून बसला होता. मौनी महाराज, डॉक्टर, काय वाटेल ते मी लोकांच्या गळी उतरवलं होतं. हे एक उतरेना.

वाटाड्या घराच्या दारात येऊन उभा राहिला होता, किती वेळ कोण जाणे. त्याच्या कडेवर दोन-तीन वर्षांची मुलगी होती. तिच्याबद्दल मी तोवर काही विचारलंच नव्हतं. त्याने माझ्याकडे पाहिलं नाही. त्यांच्या बोलीत त्याने दोन वाक्यं म्हटली, आवाज न चढवता, आणि आत निघून गेला.

काय म्हणाला ते मला शब्दशः कळलं नाही. म्हाताऱ्याने आधी मला समजावणाऱ्या त्या बाईकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि हात काढून घेतला. बायका एकेक करून उठल्या. पाण्याचा तांब्या कुणीतरी उचलून नेला. मी खाटेवर बसून राहिलो, मग उठलो, कारण ती खाट त्यांना आत न्यायची होती.