पाहुणी फॉरवर्ड

महाबळेश्वरहून साताऱ्याला मी टॅक्सीतून पुष्कळ पाहुणे नेले, पण घाट उतरताना दरीकडे ढुंकूनही न बघणारी ती एकच बाई. ऑस्ट्रेलियाच्या हॉकी संघात ती बरीच वर्षं फॉरवर्ड होती. गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि खेळ सुटला. आता साताऱ्याच्या मुलींना शिकवण्याचा तिचा पहिला दिवस होता. ती पाण्याची बाटली उघडायची आणि न पिताच बंद करायची.

"गुडघा दुखतोय का?" मी मोडक्यातोडक्या इंग्रजीत विचारलं.

"नाही, भीती वाटतेय," ती म्हणाली. "मी नुसते गोल मारत आले. कसा मारायचा, हे कुणाला सांगायची वेळच आली नाही."

मी गाडी तेवढी हळू घेतली.

मैदानावर पोचताच एक धीट पोरगी पुढं आली. "आवं म्याडम, आदी तुमी मारून दावा की!"

मी ते इंग्रजीत सांगितलं, तसा बाईचा चेहरा उतरला. तिनं स्टिक घेतली. चेंडू गोलच्या बाहेरून गेला. दुसराही गेला.

"का वो गेला भायेर?" पोरीनं मनापासून विचारलं. मी तेही इंग्रजीत सांगितलं.

बाई थबकली. मग वाकली, पोरीचा पाय धरून चेंडूच्या बाजूला ठेवला आणि आपला पाय कसा मागं राहिला ते सांगू लागली. ती इतकी भराभर बोलत होती, की मला मराठीत सांगायला सवडच मिळेना. पण माझ्याकडं बघत होतं कोण?