कार्डबाई आणि ‘इतर’चा रकाना

कार्डबाई माणसाला नाव विचारायच्या आधी भाषा विचारत. वाचनालयाची पायरी चढून कोणी नवा सभासद आला, की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला असे, “घरात काय बोलता?” माणूस गोंधळायचा. आपण पुस्तक न्यायला आलो आणि ही बाई घरातलं कशाला विचारते! कोणी तिरसटासारखं म्हणायचं, “मराठीच की, दुसरं काय बोलणार?” बाई शांतपणे सांगत, “ते आपन कशाला ठरवायचं? ज्याचं त्यानं सांगावं.” मग सभासदाच्या छापील अर्जावर खाली एका ओळीत उत्तर लिहून घेत. ती ओळ अर्जात छापलेली नव्हती. बाईंनी प्रत्येक अर्जावर पट्टी ठेवून स्वतः आखलेली होती.

मी तेव्हा हायस्कुलात मराठी शिकवायचो आणि तालुक्याच्या गावातल्या आमच्या वाचनालयाच्या कमिटीचा चिटणीस होतो. मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराची ती वर्षं. मी स्वतःला मोठा शिस्तीचा समजायचो, म्हणजे कागद फायलीत गेला की काम झालं असं मानायचो. कार्डबाईंचं मत नेमकं उलटं होतं. त्यांना फाईल बंद झाली की शंका यायची. आमचं पटायचं नाही आणि भांडणही व्हायचं नाही, कारण त्या आवाज चढवत नसत. आवाज चढवणाऱ्या माणसाशी भांडता येतं. “बरं सर,” म्हणून आपलंच करत राहणाऱ्या बाईपुढे चिटणिसानं काय करावं?

बाई चारठाण्याच्या शेतकरी घरातल्या. लग्न झालं होतं, नांदणं झालं नाही. का, ते आम्ही विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही. परभणीला राहून ग्रंथालयाचा छोटा कोर्स केला आणि आमच्याकडे लागल्या. गावात एक खोली भाड्यानं घेतली. अंगानं किरकोळ, चालणं भरभर, आणि कपाळाला कायम शाईचा ठिपका, कारण विचार करताना लेखणीचं मागलं टोक कपाळावर टेकवायची सवय होती आणि पुष्कळदा पुढचंच टोक टेकायचं.

आमच्या वाचनालयात निजामाच्या काळातल्या एका जुन्या वाचनगृहाची पुस्तकं आली होती. सहाशेच्या वर असतील. बहुतेक उर्दू, काही तेलुगू, थोडी कन्नड, दहा-बारा बाडं मोडीतली. बाईंच्या आधीच्या कारकुनाला यातलं काहीच वाचता येत नव्हतं, पण माणूस कामसू होता. त्यानं प्रत्येक पुस्तकाची रजिस्टरात नोंद केली होती. नोंदी अशा : “उर्दू, जाड, लाल.” “उर्दू, जाड, लाल, पाठ फाटलेली.” “तेलंगी, बारीक.” मराठी पुस्तक उघडतात तसं त्यानं उर्दू पुस्तक उघडलं आणि समोर आलेल्या पानावर शिक्का हाणून नंबर घातला. म्हणजे सगळे शिक्के शेवटच्या पानावर. मी हे रजिस्टर दोन वर्षं तपासून सह्या करत होतो. मला त्यात काही वावगं दिसलं नव्हतं.

बाईंना दिसलं. “सर, बाळ जन्मलं तर बारशाला त्याचं नाव गोरं, जाड असं ठिवतेत का?” म्हणाल्या आणि उर्दू शिकायला निघाल्या. वय चाळिशीच्या घरात. उर्दू शाळेत एक शिक्षिका होत्या, सगळं गाव त्यांना आपा म्हणायचं. शाळा सुटल्यावर आपा वाचनालयात येत, तासभर शिकवत आणि फी म्हणून आठवड्याला दोन मराठी कादंबऱ्या नेत. तीन महिन्यांत बाईंना अक्षरं लावता येऊ लागली. मग हुरूप आला आणि आपांना न विचारता त्यांनी कार्डं लिहायला घेतली. शिक्का पाहायचा, त्या पानावरचं ठळक मथळ्याचं अक्षर लावायचं आणि कार्डावर उतरवायचं. चाळीसेक कार्डं झाली. एक दिवस मला कौतुकानं म्हणाल्या, “एक पुस्तक लय खपलेलं दिसतंय सर. ‘गलतनामा’. सतरा भाग सापडलेत.”

आपांनी ती सतरा कार्डं पाहिली आणि टेबलावर डोकं ठेवून हसत सुटल्या. डोळे पुसत म्हणाल्या, “अगे बाई, ये किताब का नाम नै गे! छपाई की गलत्यां हैं ये. आखिर के पन्ने पे छापते.” जुन्या उर्दू पुस्तकांत शेवटी शुद्धिपत्र असे, त्याचं ते नाव. शिक्क्यावर विश्वास ठेवून बाईंनी सतरा वेगवेगळ्या पुस्तकांना चुकांच्या यादीचं नाव दिलं होतं. मीही हसलो, जरा जास्तच हसलो. बाई रागावल्या नाहीत. चाळीसच्या चाळीस कार्डं फाडली, पुस्तकं उलटी फिरवली आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

कार्डं तरी कुठली? विकतची परवडत नसत. लग्नसराई सरली की बाई गावभर फिरून लग्नपत्रिका गोळा करत आणि कोऱ्या बाजूनं एका मापाच्या कापत. एका बाजूला पुस्तकाचं नाव, दुसऱ्या बाजूला कोणाचं तरी ‘चि. सौ. कां.’ अर्धवट कापलेलं. प्रत्येक पुस्तकाची दोन कार्डं, एक पुस्तकाच्या स्वतःच्या लिपीत, एक मराठी अक्षरांत. भाषेगणिक लाकडी खण वेगळा, आणि कार्डं सांडू नयेत म्हणून प्रत्येक खणातून सायकलचा स्पोक ओवलेला. “उर्दूवाला आला तर त्यानं उर्दूत हुडकावं, मराठीवाल्यानं मराठीत. पुस्तक एकच हाय, वाटा दोन ठिवल्या तर काय बिघडलं?” असं त्यांचं म्हणणं. तेलुगूची नावं रेल्वेच्या एका तेलंगी गेटमनकडून लावून घेतली. कन्नड आणि मोडी जाणणारी म्हातारी माणसं त्यांनी कुठून शोधून काढली, देव जाणे. एका खणावर ‘गोरमाटी’ अशी चिठ्ठी होती आणि तो रिकामा होता. तांड्यावरच्या एका बंजारा सभासदानं घरची भाषा ती सांगितली होती. रिकामा खण कशाला अडवला, असं मी विचारलं. “पुस्तक आलं तर ठिवायचं कुठं मग?” त्यांनी मलाच विचारलं.

इथवर सगळं गमतीचं होतं. मग वाचनालयाचा वर्ग वाढवायची वेळ आली. ‘क’चं ‘ब’ झालं, तर अनुदान वाढणार होतं आणि बाईंना पूर्ण पगार मिळणार होता. तोवर त्या जे घेत होत्या, त्याला पगार म्हणायला जीभ रेटत नव्हती. तपासणीला साहेब आले. माणूस वाईट नव्हता. त्यांच्या तक्त्यात भाषेचे रकाने चारच होते, मराठी, हिंदी, इंग्रजी आणि ‘इतर’. साहेब म्हणाले, “इतरमध्ये एवढी संख्या दिसली की वरून विचारणा होते. एक तर हिंदीत मिळवून टाका, नाही तर बाद करा. कोण वाचतंय?”

बाई म्हणाल्या, “साहेब, ‘इतर’ ही भाषा कोन्त्या गावात बोलतेत?”

साहेब हसले, पण तक्ता बदलला नाही. ते गेल्यावर मी बाईंना समजावलं, की यात तुमचाच फायदा आहे. बाई म्हणाल्या, “बरं सर.” त्या ‘बरं’चा अर्थ मला एव्हाना कळायला हवा होता. मी बाद करायच्या पुस्तकांची यादी केली. सोपी होती. जुन्या रजिस्टरातल्या नोंदी तशाच उतरवल्या, उर्दू, जाड, लाल. खाली सही ठोकली. रद्दीवाल्याला सोमवारी यायला सांगितलं. बाईंना सांगितलं नाही. हे लिहायला आजही बरं वाटत नाही, पण ते खरं आहे.

त्यांना शनिवारी कळलं. मी ओरडा ऐकायच्या तयारीत होतो. त्या यादी घेऊन माझ्यापुढे बसल्या. “बाद करायला माझी ना न्हाई सर. पन बिननावाचं बाद नका करू. हिथं नाव लिहा, मग काढा.” यादी अपुरी होती हे मला नाकारता येईना. नियमच तसा होता, नाव पाहिजे. आणि नावं फक्त बाईंच्या खणांत होती. त्या म्हणाल्या, “उद्या कमिटी बोलवा. मी वाचून दाखविते. कमिटी ज्याला काढा म्हनंल, ते मी सोता बाजूला काढते.”

रविवारी सकाळी कमिटी बसली. गावात बंद होऊन चार दिवस झाले होते, एस.टी. नुकती सुरू झाली होती आणि माणसं एकमेकांशी जपून बोलत होती. अध्यक्ष आधीच वैतागलेले. “बाई, नावाबिवाचं काढू नका आता,” ते म्हणाले. “गावात नावावरनंच पेटलंय.”

“नाव दिल्यानं कोनाचं काय कमी होतंय, अध्यक्षसाहेब?” बाई म्हणाल्या. त्यांनी उर्दूचा खण मांडीवर घेतला आणि स्पोक उपसला.

“विहिरीला पानी कुठं लागंल ते सांगनारं पुस्तक. उर्दू. काढायचं का ठिवायचं?”

कमिटीत तात्या म्हणून एक शेतकरी सभासद होते. बैठकीला चहापुरते येत. ते सावरून बसले. “थांबा थांबा. जमिनीवरची खूण सांगितली हाय का त्यात?”

“खुना सांगितल्यात तात्या. झाडं कोन्ती, वारुळं कुठं, समदं. आपानं वाचून दाखवलंय मला.”

“मग ठिवा की! काढता कशापायी?”

“कापसाच्या किडीचं पुस्तक. काढायचं का ठिवायचं?” “ठिवा.” “बैलाच्या खुराचा आजार.” “ठिवा.” “सासरी गेलेल्या पोरीनं आईला पत्र कसं लिहावं त्याचं पुस्तक. कोनीतरी पेन्सिलीनं खुना केल्यात.” यावर अध्यक्षांनीच हात वर केला. त्यांची मुलगी त्याच वर्षी हैदराबादकडे दिली होती. बाई एकेक कार्ड काढत होत्या, नाव वाचत होत्या, आणि दर वेळी मान वर करून विचारत होत्या. ‘उर्दू, जाड, लाल’ बाद करायला मला अर्धं मिनिट लागलं होतं. नाव ऐकल्यावर ‘काढा’ म्हणायला एकाचीही जीभ वळेना. साठाव्या-सत्तराव्या कार्डाला तात्या म्हणाले, “बाई, पुरं करा. समदीच ठिवा.” बाईंनी ऐकलं नाही. “न्हाई तात्या. एकाचं नाव घेतलं अन् दुसऱ्याचं न्हाई, असं नको.” दुपारी दोनपर्यंत त्या वाचत होत्या. आम्ही उपाशी बसून ऐकत होतो. शेवटी मी माझी यादी माझ्याच हातानं फाडली.

त्यानंतर दर वर्षी बाई साहेबांच्या तक्त्याला कागदाची पट्टी चिकटवत आणि ‘इतर’ खोडून चार रकाने आखत, उर्दू, तेलुगू, कन्नड, आणि भाषा नसून लिपी असली तरी मोडी. तक्ता दर वर्षी परत येई. बाई नवी पट्टी चिकटवत. वर्ग वाढत नव्हता आणि त्यात नुकसान त्यांचंच होतं. एकदा मी चिडून म्हणालो, “बाई, तुमच्या हट्टापायी तुमचाच पगार अडलाय.” त्या म्हणाल्या, “माझं पोट माझ्यापुरतं हाय सर. तक्त्याचं तसं न्हाई. हिथनं पुसलं की वरपोत पुसलं.”

नामविस्तार झाला, त्या वर्षी तक्ता मंजूर होऊन आला, पट्टीसकट. कोणा नव्या साहेबानं आमच्या चारही रकान्यांतले आकडे मान्य केले होते. वाचनालय ‘ब’ वर्गात गेलं. आणि त्याच पाकिटात दुसरा कागद होता, ‘ब’ वर्गाला पदविकाधारक ग्रंथपाल हवा. बाईंचा कोर्स छोटा होता. मी दोन-चार चकरा मारल्या, अर्ज केले, हातापाया पडलो. काही झालं नाही. बाईंना मुक्त करण्याच्या पत्रावर चिटणीस म्हणून सही माझीच हवी होती. मी पत्र पुन्हा पुन्हा वाचत बसलो. बाईंनी पेनचं टोपण काढून दिलं. “करा सर. कागुद थांबला की वाचनालय थांबंल.” मी सही केली. इतकी लाज मला आयुष्यात दुसऱ्या कशाची वाटली नाही.

निरोपाला शाल-नारळ दिला. तो बाजूला ठेवून त्यांनी सभासदाचा अर्ज मागितला, खाली ओळ आखली, भरला आणि चारठाण्याला गेल्या. तेव्हापासून दर गुरुवारी देवगाव फाट्यावर गाडी बदलून त्या येत, एक पुस्तक परत करत, एक नेत. मला वाटायचं, उर्दूची गोडी लागलीय. एकदा पाहिलं तर हातात तेलुगू पुस्तक.

“तेलुगू येतं का बाई तुम्हाला?”

“न्हाई येत.”

“मग?”

“नवीन ग्रंथपाल पोरगा चांगला हाय, सर. पन नियम हाय ना, लय वर्सं कोनी नेलं न्हाई ते पुस्तक बाद यादीत जातंय.” त्यांनी पुस्तकाच्या आतली चिठ्ठी मला दाखवली. वरची तारीख निजामाच्या काळातली होती, आणि तिच्याखाली आजची, ओली. “मी नेलं की तारीख पडती. एक फेरा पुरा व्हायला बारा वर्सं लागतील. बघू.”

फेरा पुरा झाला नाही. सातव्या वर्षी, पावसाळ्यानंतर, त्या गेल्या. चारठाण्याहून त्यांचा भाऊ पिशवीत शेवटचं पुस्तक घेऊन आला. परत करायची तारीख उलटली नव्हती.

आता दर गुरुवारी मी जातो. या आठवड्यातलं पुस्तक बारीक आहे, निळ्या पुठ्ठ्याचं, विणकामावरचं. नाव बाईंच्या कार्डावरून कळलं. मला तेलुगू येत नाही.