भरतीच्या पाण्यावर माझी सही

सन २०२३. मला एकाहत्तर पुरी झालेली. अष्टमीला, ओहोटीच्या वेळी, आमच्या खाडीतली बोय मासळी पाण्यावर तोंडं काढून आ-आ करत होती. चिंबोऱ्या पाणी सोडून तिवरांच्या झाडांवर चढलेल्या. याआधी दोनदा असं झालं तेव्हा लोकांनी टोपल्या भरल्या. मीही भरल्या. मासा आपणहून हाताशी आला म्हणून खूश. तो गुदमरतोय हे कळायला मला, खाडीत जन्म काढलेल्याला, तिसरी खेप लागली. मग प्रदूषण मंडळाकडे तक्रार मीच केली.

पाणी तपासणारे साहेब आले चतुर्दशीला, सकाळी अकराला. उधाणाची भरती, खाडी काठोकाठ. त्यांनी यंत्र बुडवलं.

"प्राणवायू चांगला आहे, बाबा."

"ते समुद्राचं पाणी हाय, सायेब. अष्टमीला ओहोटीत या. तवा समुद्र आत येत नाय, कारखान्यांच्या नाल्याचं काळं पाणीच उरतं."

"आम्ही तिथी बघून ड्युटी करत नाही."

कागद पुढे केला आणि वर शाईचा पॅड. "इथे अंगठा."

माझं डोकं फिरलं. दुसरीच शिकलोय, पण आजवर कुठे अंगठा दिलेला नाही. "पॅड ठेवा तुमच्याकडं," म्हटलं आणि खाली रेघ ओढून वळणदार सही केली. कागद वाचला नाही.

घरी त्याची प्रत बायकोने वाचली. ती सातवी झालेली. "पाणी समाधानकारक, तक्रारदारास मान्य. तुमाला मान्य हाय म्हणं."

मी तिच्या हातातून कागद ओढून घेतला.

"अंगठा दिला असता तर वाचता येत नाय असं तरी सांगता आलं असतं. सही मात्र झोकात काढलीय."

दिवसभर चिडचिड झाली. साहेबांवर, त्यांच्या अकराला येण्यावर, सगळ्यात जास्त त्या रेघेवर. पुढच्या अष्टमीला मासे मेले तर हाच कागद माझ्या तोंडासमोर धरणार.

दुसऱ्या दिवशी सकाळी रिक्षाने बोईसर गाठलं. साहेबांचं ऑफिस उघडायच्या आधीच पायरीवर बसलो.

"आता काय, बाबा?" साहेब आल्या आल्या म्हणाले.

"कालचा कागद काढा. माझं लिवायचं राहिलंय."

बराच वेळ नाही-नाही झालं. मी उठलो नाही. शेवटी कागद आला. सहीच्या खाली एकेक अक्षर जुळवत लिहिलं, 'हे पाणी भरतीचं. अष्टमीच्या ओहोटीचं घ्या, मग मान्य.' आणि त्याखाली पुन्हा सही केली, रेघेसकट.