फुटबॉलवाल्याचं गाव

फुटबॉल म्हटलं की मला अजून धुपाचा आणि उकडीच्या मोदकांचा वास येतो. ऐंशीच्या दशकात आम्ही रत्नागिरीत राहायचो आणि गिरणीत कामाला असलेला काका गणपतीला मुंबईहून यायचा. एका वर्षी वडिलांना रद्दीतल्या मासिकात जुन्या काळच्या एका इंग्लिश फुटबॉलपटूची हकिकत सापडली. आरतीनंतर ते ती आम्हाला मराठीत सांगत बसले. कोळशाच्या खाणीतला पोरगा पगारावर खेळायला लांबच्या शहरात गेला होता. मला गोल ऐकायचे होते, आणि काका सारखा मध्येच विचारायचा, "दादा, त्याची शेती कोण बघायचं? रजा मिळायची काय?" मी वैतागले होते.

शेवटी त्याचा गुडघा गेला, क्लबाने दुसरा माणूस घेतला आणि लेख संपला.

"मग गावी गेला काय?" काकाने विचारलं.

"पुढचं दिलेलं नाही."

"खेळ संपला म्हणजे माणूस संपला होय? नीट बघ."

वडिलांनी पान उलटलं. मागे साबणाची जाहिरात होती.

विसर्जनानंतर आम्ही काकाला सोडायला स्टँडवर गेलो. एसटी हलली तसा तो खिडकीतून वाकून वडिलांना म्हणाला, "दादा, तो गावीच गेला असणार."