भंडारा उचलला, तारीख राहिली

पोलीस आला तेव्हा पंगत बसली होती. पुण्याच्या कडेला, बांधकामांच्या मधोमध, पत्र्याच्या शेडमध्ये माझी खानावळ होती. जेवणारे बहुतेक माझ्याच मुलखाचे, कर्नाटकातल्या आळंद, बसवकल्याणकडचे गवंडी आणि बिगारी. त्यांच्यादेखत हवालदारानं वॉरंट दाखवलं. "चेकची केस. तारखेला गेला नाहीत."

"ती तर मिटली," मी म्हणाले. तव्यावरची भाकरी करपली.

माझ्या लेखी मिटलीच होती. खानावळीची ज्वारी मी आळंदच्या एका अडत्याकडून मागवायची. सहावीत शाळा सुटलेल्या, परमुलखात चूल मांडलेल्या बाईला त्या माणसानं तारण न मागता पोती पाठवली. ते उपकार मी आजही मानते. पण एका ठेकेदारानं मजुरांच्या जेवणाचे पैसे बुडवले आणि मी अडत्याला दिलेला चेक परत गेला. त्यानं आळंदच्या कोर्टात केस घातली. पुढं मी सगळी रक्कम चुकती केली. आमच्या रीतीप्रमाणं गावच्या खंडोबापुढं दोघांनी भंडारा उचलला, देणंघेणं उरलं नाही असं बोललो. देवाची हळद हातात घेऊन बोललेलं आमच्यात कुणी मोडत नाही. मग वकिलांना कळवायचं कशाला? त्यानं कळवलं नाही, मीही नाही. त्याचा वकील तारखा करतच राहिला.

शेजारच्या गिरणीवाल्यानं जामीन दिला, देव त्याचं भलं करो. सोलापूरमार्गे आळंद गाठलं.

माझ्या वकिलांनी सोपी वाट सांगितली. "गुन्हा कबूल म्हणा. रक्कम भरलीच आहे, थोडा दंड होईल. संध्याकाळची गाडी मिळेल."

"कबूल म्हटल्यावर माझ्या नावापुढं काय लिहितील?"

"दोषी."

"आन् दुसरी वाट?"

"दोघांच्या सहीचा तडजोडीचा अर्ज. चेकच्या केसमध्ये कायदा तशी मुभा देतो. न्यायाधीश साहेब अडत्याला विचारतील. तो हो म्हणाला आणि साहेबांनी मान्य केलं, की निर्दोष सुटका. लढून सुटल्यासारखीच. पण त्याला यावं लागेल, आणि हा तुरीचा हंगाम."

"मग मला गाडीचं कामून सांगायलाव?"

माझा जीव घाबराच. पण मजूर आपली कमाई माझ्याकडं ठेवायला द्यायचे, गावी जाताना मागून न्यायचे. चेकच्या केसमध्ये दोषी ठरलेल्या बाईकडं कोण ठेवील? मी कोर्टातून थेट अडतीवर गेले.

अडत्या तापला. "भंडारा उचलला न्हाई का मी? माझ्या शब्दावर इस्वास न्हाई तुझा?"

"माझा हाय, अण्णा. साहेबांनी कुठं बघितलाय भंडारा?"

"पुण्याला जाऊन वकील झालीस व्हय?"

"न्हाई. आरोपी झाले. तुमच्याच केसमधी."

हमाल हसले. तो हसला नाही. "ऊठ अक्का, गिऱ्हाईक यायलंय."

"मी उठायची न्हाई. तूर वतायची तर माझ्या अंगावर वता."

दुपार कलली तरी मी गादीसमोरून हलले नाही. शेवटी त्यानंच चहा मागवला आणि बशी माझ्यापुढं सरकवत म्हणाला, "उद्या येतो. पण नुस्तं व्हय म्हनीन, भाषण करायचो न्हाई."

दुसऱ्या दिवशी तो धुतलेलं धोतर नेसून आला, अर्जावर सही केली. साहेबांनी कन्नडमध्ये विचारलं, तडजोड राजीखुशीनं केली, की कुणाची जबरदस्ती आहे?

"जबरदस्ती हाय साहेब," तो कन्नडमध्येच म्हणाला. मी वकिलांकडं बघितलं. "हितं यायची. हिनं केली. मिटवलं मात्र राजीखुशीनं. माझे पैसे पोचले."

साहेबांच्या ओठांवर हसू आलं. वॉरंट रद्द झालं. वकील म्हणाले, "झालं, चला." मी हलले नाही. कोर्टातली कन्नड मला पुरती कळत नाही; हुकूम मराठीत सांगा, मी म्हणाले. वकिलांनी सांगितला: तडजोड मंजूर, आरोपीची निर्दोष मुक्तता. तेव्हा कुठं मी अडत्याच्या पाया पडले. तो पाय मागं घेत पुटपुटला, "तूर पडलीय तिकडं."

पुण्यात परतले तर दोन मजुरांनी माझ्याकडं ठेवलेले पैसे परत मागितले. मोजून देऊन टाकले. तेवढ्यात जेवता जेवता एक गवंडी बोललाच, "अक्का पैसे भरून सुटली."

वाढता वाढता मी थांबले. "पैसे भरले ते ज्वारीचे. कोर्टानं सोडलं ते निर्दोष म्हणून. कबूल म्हणून दंड भरला असता तर कवाच आले असते. न्हाई म्हटलं. बोलायचं तर एवढं सगळं बोल, न्हाईतर गप जेव."

त्यानं मान खाली घातली आणि ताट पुढं केलं. मी भाकरी वाढली.