रशियन पहारेकरी आणि बाबा

२००४ साली अमेरिकेत, अर्विंगच्या आमच्या अपार्टमेंटमध्ये सगळे कॉम्प्युटरवाले. सिनेमाच्या इतिहासात एम. ए. करणारी मी एकटीच. शेजारच्या काकू दर आठवड्याला विचारायच्या, "यात जॉब मिळतो का गं?" मी "नाही" म्हणायचे. विषय संपायचा.

त्या सेमिस्टरला मला सुरुवातीच्या सोव्हिएत सिनेमातल्या सीमारक्षकांवर पेपर लिहायचा होता. बाबा तेव्हा भारतातून सहा महिन्यांसाठी माझ्याकडे आले होते. सव्वीस वर्षं राजस्थानच्या सीमेवर पहारा करून रिटायर झालेले. बाबांच्या कौतुकापोटी मी हा विषय घेतला, असं प्रोफेसरांना वाटायचं. घेतला होता रागापोटी. मी आठ वर्षांची असताना मला टायफॉइड झाला, आईने पत्र पाठवून बोलावलं आणि हे गृहस्थ महिन्याने उगवले. तोवर मी शाळेत जायला लागले होते. उशीर का झाला ते त्यांनी सांगितलं नाही, मी विचारलं नाही. राग मात्र नीट जपून ठेवला.

लायब्ररीतून आणलेल्या कॅसेटी दुपारी बाबाही बघायचे. भाषा कळत नसे, पण चुका काढण्यात पटाईत. "पहाऱ्यावर कोणी गातं का? गाढव शत्रूला पत्ता देतोय." "कुत्र्याचा पट्टा असा धरतात होय?" मी सगळं वहीत उतरवून घ्यायचे. घरबसल्या तज्ज्ञ मिळाल्यावर कोण सोडतो?

एका सिनेमात चौकीवर टपाल येतं. जवान आईचं पत्र न फोडताच कोटात ठेवतो आणि बर्फात गस्तीला निघतो.

"काहीतरीच," मी म्हटलं. "घरचं पत्र कोण असं ठेवेल?"

"एवढंच खरं दाखवलंय," बाबा म्हणाले. "आम्हीही ड्यूटी उतरल्यावरच फोडायचो. वाईट बातमी असली की माणसाचं लक्ष उडतं."

मी टेप थांबवली. "माझ्या टायफॉइडचं पत्र?"

"तेही. अकरा दिवस खिशात होतं."

"अकरा दिवस ड्यूटी होती?"

"पाच."

"मग नंतरचे सहा दिवस काय करत होतात, बाबा? मी मेले असते तर?" माझा आवाज चढला होता.



"म्हणूनच फोडवेना. तुझा ताप उतरत नाही, एवढं आधीच्या पत्रात आलं होतं. शेवटी दुसऱ्याकडून वाचून घेतलं. त्याला म्हटलं, बाकीचं राहू दे, पोरगी आहे ना, तेवढं आधी सांग."