सगळ्यांचे कान पाहणारे साडू

भिवंडी तालुक्यात पाठीला कणा असलेला असा एकही प्राणी नसेल, ज्याच्या कानात आमच्या साडूंनी डोकावून पाहिलेलं नाही. म्हशी, बैल, शेळ्या, कुत्री ही तर त्यांची नोकरीतलीच गिऱ्हाइकं, कारण ते गुरांच्या सरकारी दवाखान्यात पट्ट्या बांधणारे ड्रेसर होते. पण राहनाळच्या खाचरांतले बेडूक, वडप्याच्या गोदामांतले उंदीर, खाडीतले मासे आणि एकदा माझ्या लग्नाच्या पंगतीत बसलेले माझे सख्खे काका, यांच्याही कानांची तपासणी त्यांनी स्वतःहून केलेली आहे. काकांच्या कानातून बराच मळ निघाला. त्यावरून मांडवात जे रामायण झालं ते इथे सांगत बसत नाही.

साडू म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. बहिणीला आम्ही सगळे ताई म्हणतो. साडूंचं शिक्षण बेताचं, पण दवाखान्यात बदलून येणाऱ्या प्रत्येक डॉक्टरकडून त्यांनी पुस्तकं मागून घेतली आणि त्यांतली कानांची प्रकरणं तेवढी पाठ केली. बाकीच्या जनावराशी त्यांना कर्तव्य नव्हतं. त्यांच्या घरी मासे खायला जाणं म्हणजे शिकवणीला जाणंच. ढोम्याचं डोकं ते स्वतः फोडायचे, आतून दोन पांढरे खडे काढायचे आणि धुऊन माझ्या भाताशेजारी ठेवायचे. "माशाला बाहेरून कान न्हाय म्हनून तुम्ही त्याला बहिरा समजता ना, साडू? हे बघा. पानी हाललं का मासा हालतो, खडा जड म्हनून मागं ऱ्हातो, आनि खड्याखालचे बारीक केस वाकतात. झालं, ऐकलं त्यानं." मग ढोमा पोटातल्या हवेच्या फुग्यावर कसा आवाज काढतो, हे ते घशातून करून दाखवत. माझा भात गार होई. ताई समोर बसून त्यांच्या तोंडाकडे बघत हसत असायच्या. एवढ्या वर्षांनंतरही नवऱ्याच्या तोंडाकडे इतकं टक लावून बघणारी बाई मी दुसरी पाहिली नाही, आणि आमच्या घरात मी ते एकदोनदा बोलूनही दाखवलं होतं.

बरं, वेळकाळ पाहून बोलावं, तर तेही नाही. माझ्या मुलीला बघायला पाहुणे आले, तेव्हा मुलाचे वडील सहज म्हणाले, आमच्याकडे स्थळं पुष्कळ येतात हो. झालं! साडूंनी पोह्यांची बशी खाली ठेवली. "बेडकिनीचं कसं असतं सांगू? तळ्यात दहा जातींचे नर बोंबलत असतात, पन तिचा कान आपल्याच जातीच्या हाकेला लागलेला असतो. बाकीचे बोंबलेनात का रातभर!" पाहुण्यांना यात आपला अपमान झाला की गौरव, ते ठरवता येईना. लग्न झालं, हे आमचं नशीब.

वडप्याला एका गोदामात साप निघाला, तेव्हाची गोष्ट. हमाल थाळ्या बडवत होते. साडू तिथे कुणाच्या तरी शेळीला पट्टी बांधायला आले होते. ते ओरडले, "अरे, थाल्या काय बडवताय? साप काय आरतीला आलाय? त्याला कानाचा पडदाच न्हाय, तो जबडा जमिनीला लावून ऐकतो. पाय आपटा, पाय!" चौकीदाराने मनापासून पाय आपटले. साप निघाला खरा, पण तडक चौकीदाराच्याच खाटेखाली शिरला. "भाईसाब, अब ये क्या सुन रहा है?" असं त्या बिचाऱ्याने विचारलं. त्यानंतर महिनाभर साडू वडप्याला गेले नाहीत.

त्यांची खरी कीर्ती मात्र किल्ल्यांमुळे. जनावर बहिरं आहे का, हे ते किल्ल्यांचा जुडगा वाजवून ठरवत. जुडगा जनावराच्या मागे वाजवायचा आणि आपण बाजूला उभं राहून कानाकडे बघायचं. एका तबेल्याचा मालक म्हणाला, म्हैस बहिरी निघाली, हाक मारली तर वळत नाही, विकून टाकतो. साडूंनी जुडगा वाजवला. म्हैस ढिम्म, पण कान टिचभर मागे गेला. "बहिरी न्हाय, हट्टी हाय. हट्टी जनावर वळनार न्हाय, पन कान हालवल्याबिगर ऱ्हानार न्हाय. ते त्याच्या हातात नसतं." म्हैस राहिली. मालकाने साडूंना खरवस पाठवला, तो त्यांनी आम्हालाही आणून दिला, एवढं मान्य करायला हवं.

साडूंचं जुनं घर मागाच्या कारखान्याला भिंत लावून होतं. दवाखान्याच्या पगारात दोन मुलींचं शिक्षण होईना, म्हणून ताई त्याच कारखान्यात वीसेक वर्षं कांड्या भरायला जात. कांडी म्हणजे मागाच्या धोट्यात बसते ती सुताची नळी. कारखान्यात बारा माग एकदम चालू झाले की शेजारच्याच्या कानात ओरडून उपयोग नसे. त्या गल्लीत कुणी कुणाला मागून हाक मारायचंच नाही. समोर यायचं, खांद्याला हात लावायचा आणि नुसते ओठ हलवायचे. पोरंसोरं, भय्ये, बायका, सगळे तसेच बोलत. साडूही घरात तसेच बोलत.

तीन वर्षांपूर्वी मालकाने माग भंगारात काढले. साडूही निवृत्त झालेले. त्यांनी काल्हेरला चौथ्या मजल्यावर फ्लॅट घेतला. ताईंना गल्ली सोडायची नव्हती, त्या तसं स्पष्ट म्हणाल्याही होत्या. साडूंनी ऐकलं नाही. खिडक्या लावल्या की त्या घरात पंख्याचासुद्धा आवाज ऐकू येई, आणि याचं साडूंना इतकं अप्रूप, की ते आरामखुर्चीत बसल्या बसल्या घरभर हाका मारायला लागले. जन्मात पहिल्यांदाच बायकोला मागून हाक मारण्याची चैन त्यांना मिळाली होती.

महिन्याभरात त्यांचा मला फोन. "साडू, तुमच्या मेव्हनीनं अबोला धरलाय. समोर गेलो तर गोड बोलते, पाठ वळली का एका हाकेला ओ देत न्हाय. घर सोडल्याचा राग काढते." मी म्हटलं, मग समजूत काढा. ते म्हणाले, "छे! मीपन अबोला धरलाय." दोन महिने हा माणूस बायकोच्या पाठीशी अबोला धरून होता, आणि तो तिच्या लक्षातही आला नव्हता.

शेवटी मला साक्षीदार म्हणून बोलावणं आलं. मी गेलो, तर ताई ओट्याशी कोथिंबीर निवडत होत्या. कुकर लावलेला. शिट्टी झाली की त्या मान वर करून कुकरकडे बघत नव्हत्या, वाफ दिसू लागल्यापासूनच बघत होत्या. साडू माझ्या कानात कुजबुजले, "आता हट्ट बघा तिचा." आणि त्यांनी किल्ल्यांचा जुडगा काढला. मला हसू आवरेना. ते त्यांच्या पद्धतीने ताईंच्या मागे हात नेऊन, पण बाजूला उभे राहिले आणि जुडगा खणाखण वाजवला. ताई वळल्या नाहीत. साडूंनी विजयी मुद्रेने माझ्याकडे पाहायला हवं होतं. माणसाचा कान हलत नाही, म्हणून ते पाहत होते ताईंच्या पापणीकडे. त्यांनी पुन्हा वाजवला, अगदी कानाजवळ. पापणी लवली नाही. ताईंनी कोथिंबिरीची एक पिवळी काडी बाजूला टाकली.

साडूंच्या हातातला जुडगा तसाच राहिला. मग ते हळूच ताईंच्या समोर गेले. खांद्याला हात लावून, आवाज न करता त्यांनी विचारलं, कधीपासून?

ताईंनी एकदा माझ्याकडे पाहिलं आणि पदराला हात पुसले. "झाली आठ-दहा वर्षं. कारखान्यातल्या सगळ्याच बायकांचं तसं आहे. तुम्ही काय म्हणता ते मला दिसत होतं. मग सांगायचं कशाला?"

मला त्या माणसाचा मनस्वी राग आला, आणि त्याहून जास्त दयाही आली. साडू खुर्चीत बसले आणि लहान मुलासारखे रडले. रडताना आवाज होत होता, तो मला एकट्यालाच ऐकू येत होता.

ठाण्याच्या कानाच्या डॉक्टरकडे मीही बरोबर गेलो. तपासणी झाली. डॉक्टर म्हणाले, आतले बारीक केस झिजून मेलेत, ते परत येत नाहीत, पण मशीनने बरंच भागेल. साडू म्हणाले, "कोंबडीचे परत येतात." डॉक्टर हसले. साडू हसले नाहीत. "माशाचे येतात. बेडकाचे येतात. सगळ्या पाखरांचे येतात." डॉक्टर म्हणाले, "काका, तुम्हाला माहीतच आहे सगळं, मग मी काय सांगू?" साडू टेबलावर पुढे झुकले. "म्हाईत हाय म्हनून तर इचारतो. कोंबडीला मिलतात, मंग हिला का न्हाय?" डॉक्टर तरुण होते. त्यांनी चष्मा काढला आणि पुसत राहिले.

पुढच्या आठवड्यात मशीन बसलं. डॉक्टर म्हणाले, काका, आता मागून काहीतरी बोला. साडू ताईंच्या खुर्चीमागे जाऊन उभे राहिले. पंगतीत, मांडवात, गोदामात, कुठेही न अडलेला हा माणूस, त्याला एक शब्द सुचेना. मी खुणा करून थकलो. शेवटी ते म्हणाले, "चहा घेशील का गं?"

ताई गर्रकन वळल्या. त्यांच्याकडे बघतच राहिल्या.

"अहो, तुमचा आवाज केवढा म्हातारा झालाय!" त्या म्हणाल्या. "कधी झाला असा?"